ओतूर–वाशी पिकअप: एका किलोमीटरचा खरा खर्च (जून २०२५ ते जानेवारी २०२६)

२ जून २०२५. मीटर १,८६,४००

आजपासून गाडीची वही धरली. गाडी दादा चालवतो, हिशेब मी लिहिणार. डिझेलवरची पिकअप आहे, मे २०१९ मध्ये नवी घेतलेली. हौदा, विमा, आरटीओचं सगळं धरून ७,४०,००० रुपये पडले होते. हप्ते २०२३ मध्ये फिटले. आठवड्याला दोनदा, कधी तीनदा, ओतूरहून माळशेज घाट उतरून वाशीच्या भाजीपाला मार्केटला जाते. माल आमच्या आणि आजूबाजूच्या शेतकऱ्यांचा: टोमॅटो, काकडी, ढोबळी मिरची. भाडं क्रेटमागे ७५ रुपये, गाडीत ६० क्रेट बसतात.

वही धरायचं कारण एप्रिलमध्ये घडलं. चार टायर आणि क्लच एकाच महिन्यात निघाले, ४२,५०० रुपये. घरात पैसे नव्हते, पतसंस्थेतून ४०,००० उचलले. दादाचा हिशेब असा: जाऊन-येऊन २७४ किलोमीटर, चौदाचं ॲव्हरेज, म्हणजे साडेएकोणीस लिटर डिझेल, १,७८० रुपये. टोल, पावत्या, जेवण मिळून ४५०. भाडं ४,५००. खेपेला सव्वादोन हजार सुटतात. तो हे मनापासून सांगतो आणि रोज खिशात तसे पैसे दिसतातही. मग वर्षाला नव्वदच्या वर खेपा मारून टायरला पैसे का उरले नाहीत? हे शोधायचं आहे.

९ जून

पहिला आठवडा वाया गेला. डिझेलची मोजणी सोपी वाटली होती: टाकी फुल करायची, खेप मारायची, परत फुल करायची, किलोमीटर भागिले लिटर. पहिल्या खेपेला १७ लिटर बसलं, म्हणजे १६.१ चं ॲव्हरेज. दादा खूश. दुसऱ्या खेपेला २५.१ लिटर, म्हणजे १०.९. तोच रस्ता, तेवढाच माल.

चूक भरण्यात होती. पहिल्यांदा कल्याणच्या पंपावर भरलं, तिथे जागा उतरती आहे, गाडी तिरकी उभी राहते आणि नळी लवकर बंद पडते. टाकी फुल झालीच नव्हती. तो खड्डा दुसऱ्या वेळी ओतूरला भरला गेला. दोन्ही खेपा एकत्र केल्या तर ५४८ किलोमीटरला ४२.१ लिटर, म्हणजे १३. हा आकडा विश्वासाचा.

यापुढचा नियम: एकच पंप, एकच जागा, नळी आपोआप बंद पडली की थांबायचं, वरून थेंब थेंब घालायचं नाही. आणि एका खेपेचं ॲव्हरेज काढायचंच नाही. एकूण किलोमीटर आणि एकूण लिटर लिहीत जायचं, निदान दहा वेळा भरल्यावर भागाकार.

२४ जून

सातव्या भरणीला पुन्हा गोंधळ, एकदम नऊचं ॲव्हरेज आलं. तीन दिवस मी डिझेल गळतंय का ते शोधत होते, दादाने मिस्त्रीकडे नेऊन पाइप तपासून आणले. शेवटी कळलं की त्याच पावतीवर शेजारच्या काकांच्या ट्रॅक्टरसाठी कॅनमध्ये दहा लिटर घेतलं होतं. काकांनी पैसे रोख दिले होते, म्हणून कुणाच्या लक्षात राहिलं नाही. आता कॅनची पावती वेगळी घ्यायची.

३० जून

मीटर खरं सांगतो का, ते पाहिलं. आधी मोबाइलवर नकाशा लावून माळशेजमध्ये तपासायला गेलो. घाटात मोबाइलने रेघ मध्येच तोडली, वळणं सरळ करून टाकली, आकडा कामाचा नव्हता. दुसऱ्या खेपेला टोकावड्याच्या पुढे कल्याणच्या दिशेने रस्त्याकडेचे किलोमीटरचे दगड धरले. २० किलोमीटरला मीटरने २०.६ दाखवले. येताना परत तेच.

म्हणजे मीटर शेकडा तीन जास्त पळतो. जिथे मीटरने २७४ दाखवले तिथे गाडी २६६ चालली आहे. दहा भरण्यांचं ॲव्हरेज मीटरप्रमाणे १२.९ येतं, खरं १२.५. आमच्याकडे लिटर ९१ रुपयांच्या आसपास आहे. किलोमीटरला ७ रुपये २८ पैसे नुसतं डिझेल. दादाच्या चौदाच्या हिशेबात ते साडेसहा होतं. फरक पाऊण रुपयाचा, पण वर्षाला वीस हजारांवर जातो.

खाली जे किलोमीटर लिहिलेत ते सगळे दुरुस्त केलेले आहेत, मीटरचे नव्हेत.

६ जुलै

आज रविवार. पत्र्याच्या डब्यातली बिलं काढली. सहा वर्षांची असायला हवी होती, निम्मीच सापडली. पावसाने भिजलेली, शाई उडालेली. मिस्त्रींनी त्यांची जुनी वही दाखवली म्हणून काम झालं, त्यांचे उपकार आहेत. ज्याला हा हिशेब करायचा आहे त्याने बिलाचा त्याच दिवशी मोबाइलवर फोटो काढावा आणि बिलावर मीटरचा आकडा लिहावा. तारीख असते, मीटर नसतो, आणि लागतो मीटरच.

सुरुवातीला मी मागच्या बारा महिन्यांची दुरुस्ती घेतली आणि वर्षाच्या किलोमीटरने भागली. आकडा भीतीदायक आला, कारण त्याच वर्षात टायर आणि क्लच दोन्ही निघाले होते. त्याच्या आदल्या वर्षाचा घेतला असता तर फारच कमी आला असता. दोन्ही चूक. आता प्रत्येक वस्तूचं आयुष्य किलोमीटरमध्ये मांडलं. टायर ७,००० रुपयांना एक. पुढची जोडी ५०,००० किलोमीटर जाते, मागची ३५,०००, कारण वजन मागे असतं. दोन्ही मिळून किलोमीटरला ६८ पैसे. ऑइल आणि फिल्टर दर १०,००० ला ३,२०० रुपये, म्हणजे ३२ पैसे. बाकी सगळं, म्हणजे क्लच, ब्रेक लायनर, पाटे, बेअरिंग, ग्रीसिंग, दिवे, सहा वर्षांत १,६८,००० रुपये झालं. गाडी तोवर १,८०,८०० किलोमीटर चालली होती. ९३ पैसे.

डिझेलसकट ९ रुपये २१ पैसे. गाडीचं चाक फिरलं की हे जातात, फक्त त्यातले सव्वासात रुपये आज दिसतात आणि बाकीचे दोन कधीतरी एकदम समोर येतात.

१९ जुलै

माळशेजमध्ये दरड आली. पाच तास गाडी जागेवर. वाशीला पोचेपर्यंत बाजार उतरला होता, टोमॅटो पडत्या भावात गेला. शेतकऱ्यांचं नुकसान आमच्यापेक्षा मोठं. हा खर्च किलोमीटरमध्ये कसा धरायचा ते समजलं नाही, म्हणून धरला नाही. वेगळ्या पानावर लिहून ठेवला.

२ ऑगस्ट

गाडी उभी असली तरी लागणारा खर्च आज मांडला. आणि मोठी चूक केली, ती सविस्तर लिहिते, कारण ही चूक बहुतेक जण करतील.

मी गाडीची घसरलेली किंमत धरली: ७,४०,००० ची गाडी, आज मंचरच्या आणि नारायणगावच्या जुन्या गाड्यांच्या व्यापाऱ्यांना विचारलं तर ३,१०,००० म्हणतात. घसारा ४,३०,०००. शिवाय भरलेले हप्ते धरले, १५,५०० चे ४८, म्हणजे ७,४४,०००. शिवाय सुरुवातीला रोख भरलेले १,४०,०००. किलोमीटरला सव्वासात रुपये नुसते गाडीच्या किमतीपोटी आले. रात्री दादाला आकडा सांगितला. तो काही बोलला नाही, जेवण अर्धं टाकून उठला. वहिनी मला म्हणाली, "अगं, मग विकूनच टाकायची का?"

सकाळी परत पाहिलं तेव्हा कळलं. हप्त्यात मुद्दल असतं, आणि मुद्दल म्हणजेच गाडीची किंमत. घसारा धरला की मुद्दल धरायचं नाही, फक्त व्याज धरायचं. व्याज होतं १,४४,०००. घसारा आणि व्याज मिळून ५,७४,०००, किलोमीटरला ३ रुपये १७ पैसे. अर्ध्याहून कमी. दादाला लगेच फोन लावून सांगितलं.

पण हा झाला मागचा हिशेब. भाडं ठरवायचं ते पुढच्या वर्षांसाठी. व्यापारी म्हणतात, अशीच चालली तर तीन वर्षांनी दीड-पावणेदोन लाख येतील. मी १,६०,००० धरले. म्हणजे वर्षाला ५०,००० घसारा. कर्ज नाही म्हणून व्याज शून्य, असंही नाही. गाडी आज विकून ३,१०,००० ठेवीत टाकले तर सात टक्क्यांनी २१,७०० येतील, ते आपण सोडतो आहोत. तेही धरले.

आमच्या सीएंच्या कागदावर हीच गाडी ८७,००० ची आहे. आयकरात भाड्याच्या मालगाडीला दरवर्षी उरलेल्या किमतीच्या ३० टक्के घसारा मिळतो, सहा वर्षांत किंमत तिथवर येते. तो आकडा कर भरायला बरोबर आहे. भाडं ठरवायला घेऊ नये.

बाकी: विमा २६,५०० (त्यातला थर्ड पार्टीचा दर सरकारने ठरवलेला आहे, ७,५०० किलोपर्यंतच्या भाड्याच्या मालगाडीला १६,०४९, त्यात घासाघीस होत नाही), फिटनेसचा आरटीओ दाखला सध्या दोन वर्षांतून एकदा, रंग-रेडियमच्या पट्ट्या धरून ५,००० म्हणजे वर्षाला २,५००. आठ वर्षं झाली की फिटनेस दरवर्षी करावं लागेल, तेव्हा हा आकडा दुप्पट. बॅटरी तीन वर्षांतून एकदा, वर्षाला २,१७०.

एकूण १,०२,८७० रुपये वर्षाला. गाडी ओट्यापुढून हलली नाही तरी.

१० ऑगस्ट

पगारावरून वाद. मी म्हटलं, चालकाचे पैसे धरायला हवेत. दादा म्हणाला, "मला कसला पगार? गाडी आपली, मी घरचा." मी त्याला मार्चची आठवण दिली. त्याला ताप होता तेव्हा आतेभाऊ दोन खेपा घेऊन गेला, खेपेला हजार रुपये आणि जेवणाचे दोनशे घेतले, आणि आम्ही ते आनंदाने दिले. रात्री नऊला निघून सकाळी नऊ-दहाला घरी येणं, घाटातलं धुकं, बाजारातली उभी रात्र, हे काम आतेभावाने केलं तर हजाराचं आणि दादाने केलं तर शून्याचं कसं? मला हे फार लागलं. आण्णा ओट्यावर बसून ऐकत होते. ते म्हणाले, "लिही वहीत, खेपेला बाराशे." लिहिले.

१४ सप्टेंबर

थोडं यश. दोन महिने मागच्या टायरची हवा प्रत्येक खेपेआधी पाहतो आहोत. दारावरच्या चिठ्ठीत भरलेल्या गाडीसाठी जेवढी लिहिली आहे तेवढी. आधी रिकाम्या गाडीचीच हवा ठेवत होतो. ॲव्हरेजमध्ये फरक एवढा कमी की मोजणीत दिसत नाही. टायरची झीज मात्र आता सगळीकडे सारखी दिसते, कडा खाल्ल्या जात नाहीत. मागची जोडी ३५,००० च्या पुढे गेली तर कळवीन.

२१ ऑक्टोबर

लक्ष्मीपूजनाला पाटावर ही वही ठेवली. आईने हळदकुंकू वाहिलं. आज हिशेब नाही.

३० नोव्हेंबर. मीटर २,००,३००

सहा महिने झाले. आता खरे आकडे.

गाडी १३,४८३ किलोमीटर चालली, डिझेल १,०७९ लिटर लागलं. वाशीच्या खेपा ४४. त्यांचे होतात ११,७०४ किलोमीटर. मग उरलेले १,७८० कुठले? त्यातले १,०५६ शेतोशेती क्रेट गोळा करण्याचे, पंपाचे आणि गॅरेजचे, खेपेला सरासरी २४. हे दादाच्या हिशेबात कधी नव्हतेच, कारण खेप ओतूरच्या चौकातून सुरू होते असं आम्ही समजत होतो. बाकीचे ७२४ घरचे: जेजुरी, दोन लग्नं, वहिनीच्या माहेरचं सिमेंट. ते घरखर्चात टाकले.

म्हणजे एक खेप २६६ ची नसून २९० ची.

दुसरं, मी वर्षाला ३०,००० किलोमीटर धरले होते, सहा वर्षांच्या सरासरीने. या चालीने २७,००० होतील. उभ्या गाडीचा खर्च ३ रुपये ४३ पैशांवरून ३ रुपये ८१ पैशांवर गेला. खर्च तेवढाच, वाटून घ्यायला किलोमीटर कमी.

एका खेपेला: चालण्याचा खर्च २,६७१, टोल-पावत्या २५०, उभ्या गाडीचा १,१०५, चालक आणि जेवण १,२००. एकूण ५,२२६. किलोमीटरला १८ रुपये.

आणि भाडं? ४,५०० नाही. ४४ खेपांत २,३१० क्रेट गेले, खेपेला साडेबावन्न. साठ भरले त्या रात्री लक्षात राहतात, चव्वेचाळीस घेऊन गेलो त्या राहत नाहीत. खेपेला मिळाले ३,९३७ रुपये.

त्या दिवशी खिशातून जातात डिझेलचे २,१११, टोल-पावत्यांचे २५०, जेवणाचे २००. हातात राहतात १,३७६. हेच दादाला दिसणारे पैसे, सव्वादोन हजार नव्हेत. त्यातून टायर-ऑइल-दुरुस्तीचे ५६० आणि उभ्या गाडीचे १,१०५ बाजूला काढायला हवे होते, म्हणजे १,६६५. ते नाहीतच. दादाने रात्रभर गाडी चालवली आणि वर स्वतःचे २८९ रुपये घातले.

एप्रिलच्या कर्जाचं उत्तर हे. घर त्या १,३७६ वर चाललं. आम्ही गाडी मोडून खात होतो.

४ डिसेंबर

माल देणारे सात शेतकरी घरी बोलावले. मी पूर्ण वही वाचून दाखवली, एकही आकडा झाकला नाही. दादाला भीती होती की माणसं तुटतील. दोन गोष्टी मागितल्या: क्रेटला ९० रुपये, आणि ५५ क्रेट जमले तरच गाडी निघेल, नाहीतर दुसऱ्या दिवशी. एक जण दुसऱ्या टेम्पोकडे गेला, तो ७० ला नेतो. त्या शेतकऱ्याला नावं ठेवता येत नाहीत, त्यालाही चार पैसे वाचवायचे आहेत. पण तो टेम्पोवाला ७० मध्ये कसा नेतो ते मला आता कळतं. त्याच्याशी बोलायला हवं. सहा जण थांबले. त्यांतल्या एका आजोबांनी विचारलं, "मग इतकी वर्षं तुम्ही आम्हाला घरातून पैसे घालून नेत होतात काय?" दादा खाली बघत होता.

शेतांची फेरीही बदलली. सहा ठिकाणी गाडी फिरवण्याऐवजी दोन ठिकाणी माल आणून ठेवायचा, त्यांच्याकडे बैलगाडी-ट्रॅक्टर आहेतच. फेरी २४ वरून १३ किलोमीटरवर आली.

२८ डिसेंबर

परतीचा माल. वाशीला भाजीपाल्याच्या मार्केटजवळच मसाला मार्केट आणि दाणा मार्केट आहे. ओतूरच्या दोन किराणा दुकानदारांचा माल आणायचं ठरलं, खेपेला ९००. परतीचे १३३ किलोमीटर रिकामे येतात, त्यामुळे जे मिळेल ते कमाईच, असं वाटलं होतं. तसं नाही. दाणा मार्केट सकाळी उशिरा सुरू होतं, भाजीचं काम पहाटेच संपतं. दादाला तीन-चार तास गाडीत थांबावं लागतं. पहिल्या वेळी तो झोपेविना दुपारच्या उन्हात घाट चढायला निघाला आणि मुरबाडच्या पुढे डुलकी आली. गाडी बाजूला घेतली म्हणून निभावलं. त्या दिवसापासून नियम केला: परतीचा माल असेल तर आधी तीन तास झोप, मग भरणी, आणि त्या रात्री पुन्हा खेप नाही. दोनदा माल तयार नव्हता, नुसतं थांबणं झालं.

डिसेंबरच्या ११ खेपा: सरासरी ५८ क्रेट, क्रेटचे ५,२२०. परतीचा माल सहा वेळा, खेपेवर वाटला तर ४९१. मिळून ५,७११. खर्च फेरी कमी झाल्याने ५,०८० च्या आसपास. दादाचा पगार सुटून सहाशे तीस उरले. एका महिन्याचे आकडे आहेत, पावसाळ्यात काय होतं ते पाहायचं आहे.

पतसंस्थेत गाडीच्या नावाने वेगळं खातं काढलं. प्रत्येक खेपेचे १,६०० त्यात, दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत. आतापर्यंत १७,६००.

१२ जानेवारी २०२६. मीटर २,०४,१००

सकाळी गाडी चालू होईना. बॅटरी गेली. नवी ६,८०० ला आली. खात्यातून दिले.